पाऊस परिमेय की वास्तव? गुण कापणाऱ्या सरांना माझं उत्तर

मांजराकाठची
पेपरात सरांनी विचारलं होतं, मोजलेला पाऊस कुठल्या संख्यासंचात बसतो. काल त्यांनी लिहिलं, "पर्जन्यमापकावर 12.4 असाच आकडा येतो. √2 मिलिमीटर पाऊस कुणी पाहिलाय? म्हणून पावसाचं माप परिमेय, म्हणजे पूर्णांकांच्या अपूर्णांकात मांडता येणारं. 'वास्तव संख्या' (परिमेय, अपरिमेय सगळ्याच) लिहिणाऱ्या नववीच्या पोरांचे मी गुण कापले." रात्रभर तेच डोक्यात घोळत होतं.

सर, 12.4 ही नोंद आहे, पाऊस नाही. मापाच्या काचेवरच्या रेघा संपतात तिथं आपलं वाचणं थांबतं, पाणी थांबत नाही. 12.3 वरून 12.4 ला चढताना ते मधल्या प्रत्येक उंचीतून जातं आणि त्यात √2 सारख्या, अपूर्णांकात न बसणाऱ्या अपरिमेय उंचीही आल्याच.

√2 बघायचाय? एक गुंठा आखा, 33 बाय 33 फूट. या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात टेप धरा. टेप 46 फूट 8 इंच दाखवेल. खरी लांबी 33√2 फूट, म्हणजे 46.669 आणि पुढं न संपणारी. माझे वडील प्लॉट आखताना कर्ण धरूनच काटकोन तपासायचे. टेपला दिसत नाही म्हणून कर्ण परिमेय होतो का?

गणिताचा मास्तर
ताई, प्रश्नात "मोजलेली राशी" असं स्पष्ट होतं. मोजणं म्हणजे एककात किती भाग बसतात ते सांगणं. उत्तर परिमेयच येणार. तुमचा कर्ण कागदावरच्या चौरसाचा आहे. बांधावर खुंटी बोटभर सरकली की √2 गेला.

बिंदुसरा
दोघंही जुन्या काचेच्या मापात अडकलात. स्वयंचलित यंत्रात चमचा असतो. ठरावीक पाणी भरलं की पलटतो, यंत्र पलट्या मोजतं. 0, 1, 2, 3. पाऊस नसेल तर शून्य, म्हणून नैसर्गिकही नाही, पूर्ण संख्या!

मांजराकाठची
मग चमच्यात अर्धवट राहिलेलं पाणी कुठल्या संचात टाकता?

शिवारातला
कशावर वाद घालायलेत तुम्ही? 24 तासांत 65 मिलिमीटरच्या वर गेला तर अतिवृष्टी, नाहीतर पंचनाम्याला कुणी फिरकत नाही. आमच्या महसूल मंडळाचं पाऊस मोजायचं यंत्र गावापासून सात किलोमीटरवर. त्या रात्री तिथं 63.5. माझ्या सोयाबीनमध्ये गुडघाभर पाणी, शेंगांना जागेवर कोंब फुटले. कार्यालयात गेलो तर कागद पुढं सरकवला, "आकडा बघा."

गणिताचा मास्तर
भाऊ, वाईट झालं. पण हा यंत्राच्या जागेचा प्रश्न आहे, संख्यासंचाचा नाही. विषय सोडून बोलू नका.

शिवारातला
विषय सोडून? माझं अख्खं साल गेलं त्या दीड मिलिमीटरात! तुम्ही पोरांना शिकवता की नोंद म्हणजेच पाऊस. तीच पोरं उद्या त्या खुर्चीत बसतात.

बिंदुसरा
भाऊंचं एक ऐका. धो धो पावसात चमचा पलटत असताना पडलेलं पाणी मोजणीतून सुटतं. पाऊस जितका जोराचा, तितका आकडा खाली राहतो. म्हणजे नेमका अतिवृष्टीच्या रात्रीच कमी दाखवण्याकडे कल. माझी पूर्ण संख्या यंत्रापुरती खरी, पावसाला लागू नाही, हे मी मागं घेतो.

परभणीकर
आमच्याकडंही तेच. शेजारच्या मंडळाला मदत, आम्हाला नाही. मध्ये फक्त एक ओढा. आणि पैसेवारीचं, म्हणजे पिकाच्या सरकारी अंदाजाचं, तर बोलूच नका, 50 पैशांच्या खाली येता येता…

मांजराकाठची
पैसेवारीवर वेगळं बोलू. सर, पोरांनी काय लिहिलं होतं? फक्त "वास्तव", की कारणही?

गणिताचा मास्तर
तिघांनी कारण लिहिलं होतं. "पाऊस सलग पडतो, आपण तुटक वाचतो." त्या तिघांना गुण देतो. बाकीच्यांना नाही, त्यांनी अंदाजानं ठोकलंय. पुढच्या पेपरात "नोंद" की "पाऊस" ते नीट लिहीन. पण नोंद परिमेयच, त्यावर मी हटणार नाही.

शिवारातला
नोंद परिमेय ठेवा की काहीही. यंत्र आमच्या गावात कधी बसतंय ते विचारा कुणीतरी.