हमासाकींचा ‘ए बेस्ट’ : अल्बम की कंपनीचा गल्ला?

जुनी_कॅसेट : ‘जपानी गायिका आयुमी हमासाकींचा “ए बेस्ट” हा निवडक गाण्यांचा संग्रह म्हणजे कंपनीचा गल्ला, त्याला अल्बम म्हणू नये’, हे हिशेबनीस यांचे कालचे विधान वाचून राहवले नाही. २८ मार्च २००१ रोजी हा संग्रह आणि दुसऱ्या लोकप्रिय गायिका हिकारू उताडांचा ‘डिस्टन्स’ हा अल्बम एकाच दिवशी आले, पहिल्याच आठवड्यात दोन्ही मिळून ५८ लाखांहून अधिक प्रती खपल्या, आणि तेव्हापासून त्याकडे केवळ दोघींमधली शर्यत म्हणून पाहण्याची खोड लागली. पण गल्लाच भरायचा होता, तर पदार्पणाचे ‘पोकर फेस’ हे गाणे का गाळले? आणि आरंभी ‘अ साँग फॉर’ व शेवटी ‘हू’, ही कधीच सिंगल (सुटी तबकडी) म्हणून न निघालेली गाणी का ठेवली? एकाकी बालपणाच्या प्रश्नांपासून दुःखात सोबत राहिलेल्या माणसापर्यंतचा तो प्रवास आहे. ती मांडणीच टिकली आहे.

हिशेबनीस : मांडणीचे कौतुक पुरे. मुखपृष्ठावर गायिका रडत आहे, तेही पाहावे; गल्ल्यावर तीही खूश दिसत नाही. जपानात नागोयाला असताना जुन्या सीडींच्या दुकानात, शंभर येनांच्या खोक्यात, मला याच्या प्रती रांगेने दिसत. टिकाऊ वस्तू लोक अशी टाकत नाहीत.

कांजीप्रेमी : घरोघरी असलेली वस्तू जुन्या बाजारात दिसणारच, रद्दीवाल्याकडे ज्ञानेश्वरीही मिळते. खरी अडचण अशी की, तुम्हा दोघांनाही शब्द कळत नाहीत. शीर्षके इंग्रजी, परंतु गीते जपानी आणि त्यांनी स्वतः लिहिलेली. पुण्यात जपानी शिकताना यातल्या ‘सीझन्स’ या गाण्यातील ‘बोकुरा’पाशी मी अडखळले होते. ‘आम्ही’साठीचा हा शब्द सहसा मुलांच्या तोंडी असतो, आणि इथे तो एक तरुणी गाते. मराठीत हे उतरवून दाखवा!

हिशेबनीस : शब्दकोश उघडल्याखेरीज गाणे आवडू नये, असा नियम कोणी केला? माझी मुलगी जपानीचे अक्षरही न जाणता यातले ‘एम’ हे गाणे दिवसभर लावते. सर्वनामांची शिकवणी आपल्या वर्गात घ्यावी.

कांजीप्रेमी : शिकवणी नको असेल तर नका घेऊ, परंतु निम्मे गाणे ऐकून पूर्ण निकाल देऊ नये.

जुनी_कॅसेट : म्हणजे त्या खोक्यातील एक प्रत आपल्याच घरी आहे तर, हिशेबनीस?

हिशेबनीस : आहे. स्वस्त होती. अल्बम म्हणा, हवे तर महाकाव्य म्हणा. पण या संग्रहासाठी ‘ट्रस्ट’ हे जुने गाणे पुन्हा गाऊन घेतले, त्यात १९९८ चा तो कोवळा आवाज गेला, त्याबद्दल आपण दोघेही गप्प आहात.