मदत हवी आहे: बाबांच्या बंदुकीचा वारसा परवाना नाकारला, हायकोर्टात रिट याचिका करावी का?

नमस्कार. मी ग्वाल्हेर शहरातल्या लश्कर भागात राहते. प्रश्न धाकट्या भावाचा आहे. तो शेजारच्या जिल्ह्यात आमच्या वडिलोपार्जित शेतावर असतो. घर गावापासून लांब, आणि रात्री लाइट आली की मोटर चालू करायला त्याला एकट्यालाच जावं लागतं.

बाबांकडे बारा बोअरची दुनाळी होती, तीसेक वर्षं. कधी कुणावर रोखली नाही. दसऱ्याला तेल लावून, पुसून शस्त्रपूजेत मांडायचे. २०२२ मध्ये बाबा गेले. तेरावं झालं आणि त्याच आठवड्यात आम्ही बंदूक परवानाधारक विक्रेत्याकडे जमा केली, पावती जपून ठेवली आहे. आईने आणि मी ना-हरकत शपथपत्रं दिली, मग भावाने वारस म्हणून अर्ज केला. शस्त्र नियम २०१६ मधला नियम २५ नेमका यासाठीच आहे: परवानाधारक वारला, तर पात्र वारसाला परवाना देता येतो, पोलीस अहवालात त्याच्याविरुद्ध काही नसावं एवढंच.

पोलीस ठाण्याचा अहवाल चांगला आला, त्याच्यावर एकही गुन्हा नाही. तरी दीड वर्षाने कलेक्टरकडून एका ओळीत नकार: जीवितास विशिष्ट धोका दिसत नाही. मुदतीत विभागीय कमिश्नरकडे अपील केलं, तेही दोन ओळींत फेटाळलं. वारसाचा उल्लेख दोन्ही आदेशांत नाही. अर्ज कुणी नीट वाचलाच नाही, हेच मला जास्त लागलं.

एक वकील म्हणतात रिट करा, दुसरे म्हणतात नवा अर्ज करा. ग्वाल्हेर खंडपीठ थेट परवाना देण्याचा हुकूम करतं का? कुणाला अनुभव असेल तर कृपया सांगा.

प्रतिसाद:
ताई, मी इंदूरला वकिली करतो. कोर्ट बहुतेक वेळा स्वतः परवाना देत नाही, हे भावाला आधीच सांगा. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली, म्हणजे हायकोर्टाच्या रिटच्या अधिकारात, न्यायाधीश बघतात की निर्णय कसा घेतला: लागू नियम विचारात घेतला का, अहवाल वाचला का, कारणं दिली का. तिथे खोट निघाली तर आदेश रद्द होतो आणि प्रकरण फेरविचारासाठी कलेक्टरकडे परत जातं, बरेचदा मुदत घालून.

बंदूक बाळगणं हा मूलभूत हक्क आहे असा मुद्दा मांडू नका, त्यात वेळ जाईल. तुमचं बळ कागदांत आहे. शस्त्र कायदा १९५९ चं कलम १३ वाचा. संरक्षणासाठी मागितलेल्या, आतून गुळगुळीत आणि किमान २० इंच नळीच्या बंदुकीला तिथे वेगळी तरतूद आहे. सबळ कारण पटवण्याची अट त्यानंतरच्या, इतर शस्त्रांच्या भागात येते. तेव्हा दुनाळीची नळी मोजून घ्या. कलम १४ प्रमाणे नकाराची कारणं लेखी नोंदवावीच लागतात आणि मागितल्यास थोडक्यात द्यावी लागतात. ती मागा. ठाण्याच्या अहवालाची प्रतही माहिती अधिकारात मागवा.

मोहिंदरसिंग गिल खटल्यात (१९७८) सुप्रीम कोर्टाने सांगितलं आहे की आदेशात नसलेलं कारण नंतर शपथपत्रातून जोडता येत नाही. एका ओळीच्या आदेशाला हे फार जड जातं. मी तुमच्या जागी असतो तर रिटच केली असती. नव्या अर्जाने हे दोन आदेश पुसले जात नाहीत. उशीर मात्र नको. रिटला ठरावीक मुदत नसली तरी विलंबाचा जाब द्यावा लागतो.

धागाकर्ती:
काका, मनापासून आभार. भाऊ उद्याच विक्रेत्याकडे जाऊन नळी मोजून घेतोय. एकच शंका राहिली: प्रकरण परत गेलं आणि वेगळं कारण लिहून पुन्हा नकारच आला, तर परत कमिश्नरपासून सुरुवात करायची, की सरळ हायकोर्टात जाता येतं? आई रोज विचारते, बंदूक घरी कधी येणार.