थॉमस मॅकडोना : हौतात्म्य वगळल्यास उरतो तो कवी

प्रश्न – काव्यवाचक

आयरिश कवी येट्स यांच्या, ब्रिटिश सत्तेविरुद्धच्या डब्लिनमधील उठावावरील ‘ईस्टर, १९१६’ या कवितेत उठावाचे नेते पिअर्स यांच्या जोडीने त्यांच्या एका साहाय्यक मित्राचा उल्लेख येतो, ज्याची प्रतिभा नुकती कुठे बहराला येत होती. हे थॉमस मॅकडोना, डब्लिनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात इंग्रजीचे अध्यापक. आयरिश प्रजासत्ताकाच्या जाहीरनाम्यावर सही करणाऱ्या सात जणांपैकी ते एक होते आणि उठाव फसल्यावर ३ मे १९१६ रोजी डब्लिनच्या किल्मेनम तुरुंगात त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. हे हौतात्म्य वाट्याला आले नसते, तर कवी म्हणून त्यांची आज दखल घेतली गेली असती का?

प्रतिसाद १ – निवृत्त मास्तर

त्यांचा मूळ पिंड शिक्षकाचा होता, हे आधी लक्षात घ्यावे. १८७८ मध्ये टिपरेरी परगण्यात जन्म, आईवडील दोघेही शिक्षक. धर्मगुरू होण्याचे शिक्षण अर्धवट सोडून त्यांनी किल्केनी आणि फर्मॉय येथे शाळामास्तरकी केली आणि १९०८ मध्ये पिअर्स यांनी काढलेल्या सेंट एंडा शाळेत ते रुजू झाले. पुढे कॉलेजात शिकवताना त्यांनी एकदा भर तासाला खिशातून रिव्हॉल्व्हर काढून टेबलावर ठेवले आणि आयर्लंडला स्वातंत्र्य बळानेच मिळेल, असे ते जणू स्वतःशीच पुटपुटले, ही आठवण त्यांचे विद्यार्थी, पुढे कवी झालेले ऑस्टिन क्लार्क यांनी लिहून ठेवली आहे. तास एकोणिसाव्या शतकातील ‘तरुण आयर्लंड’ या राष्ट्रवादी चळवळीतील कवींवर होता, म्हणजे विषयांतर झाले असे म्हणता येणार नाही!

प्रतिसाद २ – छंदोमय

त्यांच्या बऱ्याचशा स्वतंत्र कविता मला बेताच्या वाटतात, हे स्पष्टच सांगतो. परंतु मृत्यूनंतर त्याच वर्षी प्रसिद्ध झालेला ‘लिटरेचर इन आयर्लंड’ हा ग्रंथ मात्र टाकाऊ नाही. एम.ए.साठी त्यांनी टॉमस कॅम्पियन या कवी-संगीतकाराचा अभ्यास केला होता. गाणे आणि पद्य यांच्या नात्यावरची ती पकड येथे कामी आली. आयरिश बोलीची आणि गाण्यांची लय इंग्रजी पद्यात मुरली की आघातांचा ठोका सैल पडतो आणि ओळ हेलकावत चालते, असे त्यांचे प्रतिपादन आहे. ‘द यलो बिटर्न’ या त्यांच्या अनुवादात हे कानाला पटते. गोठलेल्या तळ्याकाठी तहानेने मेलेला बगळ्याच्या कुळातला पक्षी पाहून मद्यपी कवी दारू न सोडण्याचे समर्थन करतो, आणि पहिल्या ओळीच्या शेवटचा ‘आउट’ दुसऱ्या ओळीच्या मध्यावरच्या ‘बाउट’शी जुळतो. मूळ आयरिश रचनेतली यमकांची ही वीण त्यांनी इंग्रजीत उतरवली.

प्रतिसाद ३ – सायंतारा

याच पक्ष्याची हाक आयरिश कवी फ्रान्सिस लेडविज यांनी मॅकडोनांवरील विलापिकेच्या पहिल्याच ओळीत योजली आणि तीत आयरिश धाटणीची अंतर्यमकेही (ओळीच्या आत जुळणारी यमके) साधली. लेडविज त्या वेळी ब्रिटिश सैन्यात होते, म्हणजे ज्या सत्तेने मॅकडोनांना देहदंड दिला तिच्याच गणवेशात; १९१७ मध्ये ते बेल्जियमच्या रणभूमीवर मारले गेले. मास्तरांनी उल्लेखिलेले क्लार्क यांची १९१७ मध्ये मॅकडोनांच्याच रिकाम्या जागी नेमणूक झाली आणि आयरिश पद्यातील स्वरसाम्य, म्हणजे शब्दांतील स्वरांची जुळणी, इंग्रजी कवितेत आणण्याचे काम त्यांनी पुढे कितीतरी वर्षे केले. काव्यवाचक यांच्या प्रश्नाचे उत्तर मी मॅकडोनांच्या कवितासंग्रहांपेक्षा या दोघांच्या ओळींत शोधेन.