मिगेल इंक्लान: 'लोस ओल्विदादोस'नंतर काय पाहावं?

प्रश्न (पडदानशीन): दिग्दर्शक बुन्युएलच्या 'लोस ओल्विदादोस'मधला (१९५०) आंधळा दोन कार्मेलो ('दोन' म्हणजे स्पॅनिशमधलं 'श्रीयुत') डोक्यातून जात नाही. मिगेल इंक्लानबद्दल (१८९७–१९५६) जिथे बघावं तिथे 'मेक्सिकन सिनेमातला हुकमी खलनायक' एवढंच लिहिलेलं. बाकीचं काम कुठल्या क्रमाने पाहू?

उत्तर १ (तिसरी घंटा): आधी एमिलिओ फर्नांदेसचा 'मारिया कांदेलारिया'. १९४६च्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पारितोषिकाच्या मानकऱ्यांत आपल्या 'नीचा नगर'सोबत हाही होता. यात इंक्लान दुकानदार दोन दामिआन आहे. मारिया हाती लागत नाही म्हणून तो तिचं डुक्कर गोळी घालून मारतो आणि ती हिवतापाने फणफणलेली असताना क्विनाइन द्यायलाही नकार देतो.
मग 'नोसोत्रोस लोस पोब्रेस' (१९४८). त्यातला गांजेकस दोन पिलार पैसे चोरतो ते अर्धांग झालेली म्हातारी पाहते. तिला बोलता येत नाही, पण तिची नजर त्याला सोसवत नाही, म्हणून तो तिलाच बडवतो. मेलोड्रामा अगदी भडक आहे, पेद्रो इन्फांतेची गाणीही भरपूर. कंटाळून मध्येच उठू नका.

उत्तर २ (रात्रीचा खेळ): यानंतरच 'सालोन मेहिको' पाहा. तिथे इंक्लान पोलीस शिपाई लुपे आहे, नाचघरातल्या मेर्सेदेसवर निमूट जीव टाकणारा सरळमार्गी माणूस. क्रम उलटा केलात तर गंमत जाईल: तोच राकट चेहरा, पण प्रेक्षक दचकायला तयार बसलेला असतो आणि तो माणूस भला निघतो. माझ्या मते त्याचं सर्वोत्तम काम हेच, कार्मेलो नव्हे.

उत्तर ३ (तिसरी घंटा): नाही पटलं. कार्मेलो पुन्हा नीट बघा. काठीला खिळा ठोकलेला. पोरं अंगावर आली की तो त्याच खिळ्याने टोचतो. मग दगड, चिखल, फुटलेला ढोल, आणि जमिनीवर पडलेल्या त्याच्या तोंडासमोर येऊन उभी राहिलेली काळी कोंबडी. तोच म्हातारा आजारी बाईच्या पाठीवर कबुतर फिरवून उपचार करतो आणि कोवळ्या मेचेला मांडीवर बसवायला बघतो. कीव आली रे आली की तो ती घालवतो. लुपेमध्ये हा पेच नाही.
(रहस्यभेद!) 'लोस ओल्विदादोस'च्या एका प्रतीत कथेतला मुलगा पेद्रो जिवंत राहून सुधारगृहात परततो. तो पर्यायी शेवट आहे. प्रदर्शित झालेल्या चित्रपटात पेद्रो मरतो.

उत्तर ४ (जुनी रिळं): जॉन फोर्डचा 'फोर्ट अपाची' (१९४८) राहिला. त्यात इंक्लान अमेरिकेतल्या मूळनिवासी अपाची जमातीचा म्होरक्या कोचीझ आहे. तो स्पॅनिशमध्ये बोलतो आणि पेद्रो आर्मेंदारिसचा सार्जंट बोफोर्ट दुभाष्या होतो. भूमिका छोटी आहे, पण सबटायटल झाकून ऐका: हेन्री फोंडाचा कर्नल अपमान करत असताना आवाज न चढवता तक्रार मांडणारा हाच माणूस!

पडदानशीन: मग आज 'मारिया', आणि 'सालोन' सर्वांत शेवटी.