मदत हवी आहे: हिमयुग दोन्ही गोलार्धांत एकदमच कसं?

नमस्कार मंडळी,
इंदूरला आमच्या कॉलनीतल्या आठवी-नववीच्या मुलांना मी दर रविवारी मराठीतून विज्ञान शिकवते. या वेळी मिलांकोविच या शास्त्रज्ञाची चक्रं घेतली, म्हणजे पृथ्वीच्या कक्षेत आणि आसात हजारो वर्षांत होणारे बदल, ज्यांच्यामुळे हिमयुगं येतात-जातात. पृथ्वीची कक्षा साधारण १ लाख वर्षांत कमी-जास्त लांबट होते, आसाचा कल ४१ हजार वर्षांत २२.१ ते २४.५ अंशांमध्ये बदलतो, शिवाय आस भोवऱ्यासारखा डुलतो. सध्या कल कमी होतोय, म्हणून कर्कवृत्त दरवर्षी १४-१५ मीटर दक्षिणेला, म्हणजे आपल्या उज्जैनच्या दिशेने सरकतंय, हे ऐकून मुलं हरखलीच!

परातीत बर्फ ठेवून टेबललॅम्प जवळ-लांब केला. उत्तरेचा उन्हाळा सौम्य झाला की हिवाळ्यातला बर्फ पुरता वितळत नाही, साचत जातो, हे पटलं. मग एका मुलीने विचारलं, "काकू, पृथ्वी सूर्याच्या सर्वांत जवळ जानेवारीत असते, तेव्हा उन्हाळा दक्षिणेत. मग आसाच्या डुलण्याने एकीकडे उन्हाळा सौम्य तर दुसरीकडे कडक व्हायला हवा ना? तरी हिमयुगात दोन्हीकडे गारठा कसा?"

किती नेमका प्रश्न! हिमयुगात हवेतला कार्बन डायऑक्साइड दशलक्षात २८० वरून १८०-१९० भागांवर आला होता आणि हवा तर सगळीकडे एकच, एवढं मी सांगितलं. पण तो वायू समुद्रात कसा मुरला, हे तेरा वर्षांच्या मुलांना कसं समजवू? घरच्या सामानात होईल असा प्रयोग कुणी केला असेल तर कृपया सविस्तर लिहा. रविवारच्या आत मिळालं तर फार बरं होईल.