मदत हवी आहे: पणजोबांच्या मेसन लॉजचा माग

नमस्कार मंडळी. पणजोबांच्या ट्रंकेत निळ्या काठाचा, कोकराच्या कातड्याचा एप्रन निघाला. सोबत गुण्या-कंपासचं पदक. म्हणजे फ्रीमेसनच (बंधुभाव मानणाऱ्या, गुप्त विधी पाळणाऱ्या जुन्या संघटनेचे सभासद)! १९३०च्या सुमारास ते फोर्टात कारकून होते. आजी एवढंच म्हणायची, "साहेबलोकांचा क्लब."

१८४३ साली मुंबईत 'रायझिंग स्टार ऑफ वेस्टर्न इंडिया' हे लॉज (फ्रीमेसनांची स्थानिक शाखा) भारतीयांना प्रवेश देण्यासाठी निघालं आणि सुरुवातीला तिथे पारशी मंडळी पुढे होती, हे ठाऊक आहे. पण साध्या मराठी कारकुनाचा शिरकाव कसा झाला असेल? वर्गणी तरी परवडायची का? आपलं भारताचं स्वतंत्र ग्रँड लॉज (लॉजांची वरची, मध्यवर्ती संस्था) १९६१चं. त्याआधीच्या सभासदांच्या नोंदी मुंबईत मिळतील की लंडन-एडिंबरोला, म्हणजे इंग्लिश-स्कॉटिश ग्रँड लॉजांना, लिहावं लागेल? पदकामागे नुसता आकडा आहे. तो इंग्लिश लॉजचा की स्कॉटिश, कसं ओळखायचं?