प्रत्युत्तर: पत्रकाचं प्रूफ, उद्या सकाळी ११च्या आत सांगा

बापू (नारायण पेठ):
मंडळी, अप्पा बळवंत चौकातल्या छापखान्यातून आत्ताच आलो. न्यूयॉर्कच्या टेबलावर वाटायच्या आपल्या मंडळाच्या पत्रकाचं प्रूफ जोडलंय, मराठीसोबत दहा भाषांचं. तीन भानगडी आहेत. उर्दू आणि अरबी उलटी लागलीत, अक्षरं सुटी सुटी. बंगाली जोडाक्षरं फुटलीत. आणि मराठीत ल नि श हिंदी वळणाचे आलेत. ऑपरेटर म्हणतो, "काका, तुम्ही पाठवलंय तसंच आहे." नाना गुरुवारी पहाटे मुंबईहून निघतात. उद्या अकरापर्यंत फायनल दिलं नाही तर तो मशीनवर लग्नपत्रिका चढवणार आहे. कोण काय तपासतंय?

नाना (सध्या कोथरूड):
माझ्या बॅगेत भाजणी आणि मेतकूट आहे, २३ किलो आधीच भरलेत. हजार प्रती कुठे कोंबू? आणि मुळात दहा भाषा कशाला? गेल्या वर्षी मराठी-इंग्रजीवर भागलं होतं. पोलिश वाचणारं कोण येणार आहे आपल्या टेबलावर?

माई (जॅक्सन हाइट्स, न्यूयॉर्क):
नाना, गेल्या वर्षी तुम्ही टेबलावर नव्हता, म्हणून "भागलं" म्हणताय. साबुदाणा वडे संपले आणि पत्रकं गठ्ठ्याने परत आणली. आणि त्या दहा भाषा माझ्या मनातल्या नाहीत. न्यूयॉर्क शहराच्या २०१७च्या स्थानिक कायदा क्र. ३० प्रमाणे खात्यांना महत्त्वाची कागदपत्रं ज्या भाषांत द्यावी लागतात त्याच घेतल्यात: स्पॅनिश, चिनी, रशियन, बंगाली, हैतीची क्रिओल, कोरियन, अरबी, उर्दू, फ्रेंच, पोलिश. इथे एन्डेंजर्ड लँग्वेज अलायन्स या लुप्त होत चाललेल्या भाषांवर काम करणाऱ्या संस्थेने ७००हून अधिक भाषा मोजल्यात. सगळ्या घ्यायच्या तर पत्रक नाही, तागा लागेल.

अक्का (फ्लशिंग, क्वीन्स, न्यूयॉर्क):
हिंदी नाही?? क्वीन्समध्ये एवढे भारतीय आहेत!

खजिनदार:
अक्का, यावर गणपतीच्या मीटिंगमध्ये तासभर गेला होता. मतपत्रिकेचं उदाहरण घेऊन पुन्हा सांगतो. अमेरिकेच्या मतदान हक्क कायद्याच्या कलम २०३ मध्ये मोजणी काउंटीची, म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारख्या विभागाची असते. मतदानाच्या वयाचे, इंग्रजी जेमतेम येणारे नागरिक एका भाषागटात १०,०००च्या वर किंवा ५ टक्क्यांच्या वर असले, तर त्यांच्या भाषेत मतपत्रिका देण्याचा प्रश्न येतो. २०११मध्ये क्वीन्ससाठी यादीत गट आला तो "एशियन इंडियन", भाषेचं नावच नव्हतं. निवडणूक मंडळाने बंगाली निवडली, २०१३पासून बंगाली मतपत्रिका आहे. ज्यांना इंग्रजी येतं ते या हिशेबात धरलेच जात नाहीत. आपण इंग्रजी शिकून बसलो ना!
ता. क. छपाईचे पैसे अजून तिघांकडून यायचेत. नावं लिहीत नाही.

अक्का:
इंग्रजी आपल्याला येतं, आपल्या सासूबाईंना येतं का? गेल्या हिवाळ्यात आमच्या सासूबाईंना दवाखान्यात नेलं. मराठी दुभाषा मागितला, फोनवर हिंदीवाली बाई आली. सासूबाई म्हणाल्या, "डाव्या हाताला मुंग्या येतात." तिने इंग्रजीत सांगितलं की हातावर मुंग्या चढतात. डॉक्टरांनी गंभीर चेहऱ्याने विचारलं, घरात कीटक फार झालेत का? मी मध्ये बोलले तर मला गप्प बसवलं, घरच्यांनी दुभाषेपणा करायचा नाही म्हणे. नियम बरोबर असेल हो, पण मुंग्यांचं काय?

नाना:
मुंग्या येणं याला हिंदीत झुनझुनी म्हणतात. सासूबाईंनी "हात बधिर होतो" म्हटलं असतं तर घोळच झाला नसता.

अक्का:
नाना, दुखणाऱ्याने दुभाषाच्या सोयीने दुखायचं का?

माई:
कृपया प्रूफवर या.

नाना:
येतो. पोलिशवरचा माझा आक्षेप मागे. रात्री आठवलं, आमच्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला दुसऱ्या महायुद्धात पोलिश निर्वासितांची छावणीच होती, १९४३ ते १९४८, पाचेक हजार माणसं. वडील सांगायचे. त्यामुळे पोलिश पानाला कोल्हापूरकरांतर्फे मुजरा. क्रिओल मात्र कुणी टाइप केलंय? फ्रेंच आहे ते, आणि निव्वळ चुकीचं. आमची पुतणी फ्रेंच शिकवते, तिने लाल पेनाने सगळं सुधारून दिलंय. बापू, ते घ्या.

माई:
बापू, ते घेऊ नका!! क्रिओल ही स्वतंत्र भाषा आहे. हैतीच्या १९८७च्या राज्यघटनेने तिला फ्रेंचच्या बरोबरीने राजभाषा केलंय, तिचं शुद्धलेखन उच्चारावर चालतं. तो मजकूर आमच्या खालच्या मजल्यावरच्या नर्सबाईंनी लिहिलाय, त्या हैतीच्याच. पुतणीला म्हणावं, वऱ्हाडीला सदाशिव पेठेत नेऊन "अशुद्ध" ठरवण्यातला हा प्रकार आहे.

नाना:
माझी बायको अमरावतीची आहे. ती हे वाचते.

खजिनदार:
वहिनींना नमस्कार. त्यांच्याकडूनही वर्गणी यायची आहे.

बापू:
झालं एकदाचं. सकाळी सातला निघालो. बंगालीसाठी रविवार पेठेत गेलो, सोन्याच्या कामाचे कारागीर असतात तिथे. हुगळीकडचा एक पोरगा हातातली फुंकणी ठेवून वाचायला बसला, दोन ओळी सुधारून दिल्या, वर म्हणाला, "मराठीत मी बोलतो, लिहायला कुणी शिकवत नाही." चहाचे पैसे त्यानेच दिले. तिथून मोमिनपुऱ्यात. उर्दूवाल्यांनी इनपेज या उर्दू टायपिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये बसवून पानाचं चित्रच करून दिलं, आता ऑपरेटरला उलटं करायला वाव नाही. अरबीही त्यांनीच पाहिली. रशियन, स्पॅनिश आणि फ्रेंच, परदेशी भाषा शिकवणाऱ्या रानडे इन्स्टिट्यूटच्या ओळखीतून कालच तपासून झालं होतं. कोरियन आणि चिनी माईंनी तिकडून बघून पाठवलंय, पोलिशही त्यांच्याच ओळखीतून.

मराठीवर सगळ्यात जास्त वेळ गेला, कुणी हसू नका. ऑपरेटर ऐकेना, "ल तो ल" म्हणाला. २००९चा शासन निर्णय मोबाइलवर उघडून दाखवला, पाकळीचा ल आणि देठाचा श. मग फॉन्ट बदलला, तर मजकूर लांबला आणि मंडळाचा पत्ता पानाबाहेर गेला. तो बारीक टायपात घेतलाय. क्रिओल माईंचंच ठेवलंय.

हजार प्रती, साडेसहा किलो. नाना, भाजणी काढा.

नाना:
मेतकूट काढतो. भाजणी नाही.